गाईची लाथ आणि सातवं अक्षर

(दृश्य : विस्कॉन्सिन. पहाटेचा अंधार. लांबलचक गोठा, दूध काढणाऱ्या यंत्रांचा आवाज.)

अमेरिकेतलं विस्कॉन्सिन हे दुधाचं राज्य. तिथल्या गाड्यांच्या नंबरप्लेटवरही ‘अमेरिकाज डेअरीलँड’ असं छापलेलं असतं. गोठ्यात उभ्या आहेत काळ्या-पांढऱ्या होल्स्टीन गाई. पुरी वाढलेली एक गाय साडेसहाशे-सातशे किलोची भरते. घोडा लाथ झाडतो ती सरळ मागे. गाय मात्र पाय पुढे घेते आणि बाजूला फिरवून मारते. सडांना यंत्र लावणाऱ्या माणसाचा हात नेमका त्याच टप्प्यात असतो.

समजा, अशाच एका पहाटे एका कामगाराचा हात गाईचा खूर आणि लोखंडी पाइप यांच्यामध्ये सापडला. उजव्या मनगटापाशी हाड मोडलं.

(दृश्य : रुग्णालयाचा तातडीचा विभाग. एक्स-रे, प्लास्टर.)

डॉक्टर हाड बसवतात, प्लास्टर घालतात आणि टिपण लिहितात. त्या टिपणातली इजा, तिचं कारण, जागा हे सगळं ठरलेल्या यादीतल्या कोडांत, म्हणजे अक्षर-आकड्यांच्या खुणांत, लिहायचं काम बऱ्याचदा हजारो मैल दूर होतं : हैदराबादला, चेन्नईला, पुण्यात, नवी मुंबईत. बीएस्सी, बीफार्म झालेली कितीतरी मराठी मुलंमुली या कामात आहेत. त्यांच्यातल्या काहींच्या घरी आजही रोज धार काढली जाते. गाय लाथाळ असली म्हणजे काय होतं, ते त्यांना कोड शिकायच्या आधीपासून माहीत असतं.

(दृश्य : संगणकाचा पडदा. कोड एकेक करून उमटतात.)

मोडलेल्या हाडाचा कोड : एस ५२.५०१. उजव्या हाताच्या रेडियस हाडाचं मनगटाकडचं टोक मोडलं. कशामुळे? डब्ल्यू ५५.२२. गाईने मारलं, बैलाने शिंग खुपसलं तरी हाच कोड. कुठे? वाय ९२.७१, गोठा. काय करताना? वाय ९३.के२, धार काढताना. चार कोडांत सगळा प्रसंग उभा राहतो.

अमेरिकेत कोडांची ही यादी १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झाली. त्याआधीच्या जुन्या यादीत ‘जनावराने केलेली इतर इजा’ असा एकच खण होता. शिंग लागलं, अंगावर पाय पडला, कोंबडीने टोचलं, सगळं त्यातच. नव्या यादीत गाय वेगळी, घोडा वेगळा, डुक्कर वेगळं. टर्की पक्ष्याने चोच मारली तर त्यालाही स्वतंत्र कोड आहे. अशा कोडांवर पुष्कळ विनोद झाले. पण ज्या मजुराचा डोळा टर्कीच्या चोचीने गेला, त्याची इजा कुठेतरी तिच्या खऱ्या कारणासह नोंदली जायलाच हवी.

आता येऊ सातव्या अक्षराकडे. इजेच्या कोडात सातव्या जागी एक अक्षर असतं. डब्ल्यू ५५.२२ मध्ये पाचच खुणा आहेत, म्हणून सहावी जागा एक्सने भरतात आणि मग सातवं अक्षर येतं : ए, डी किंवा एस. नवीन कोडर इथे अडखळतो. त्याला वाटतं, पहिली भेट ए आणि दुसरी भेट डी. तसं नाही. मुख्य उपचार चालू आहे तोवर ए, मग ती भेट तिसरी असो की डॉक्टर बदललेले असोत. उपचार झाला, आता इजा भरून येते आहे, प्लास्टर बदलायचं आहे, आत घातलेली सळई काढायची आहे, तेव्हा डी. लाथ बसल्यावर माणूस आठवडाभर घरीच हळद लावून बसला आणि मग दवाखान्यात आला, तरी त्याची सुरुवात ‘ए’नेच होते.

हाडाच्या बाबतीत यादी आणखी बारकाईने विचारते. हाड नीट जुळतं आहे का? डी. उशीर लागतो आहे? जी. जुळतच नाही? के. वाकडं जुळलं? पी. हे एकेक अक्षर त्या मजुराच्या पुढच्या वर्षाबद्दल बोलतं. जी किंवा के लागलं, म्हणजे माणूस अजून कामावर गेलेला नाही, हे बहुधा धरून चालायचं.

(दृश्य : अस्थिरोग विभाग. प्लास्टर कापणारी करवत.)

पाठपुराव्याच्या भेटींमध्येच गाय कागदावरून नाहीशी होते.

नियम असा आहे की जागेचा आणि कामाचा कोड फक्त पहिल्या उपचाराच्या वेळी, एकदाच लावायचा. म्हणजे सहा आठवड्यांनी तो माणूस प्लास्टर काढायला येतो, तेव्हा गोठा गेलेला असतो, धार काढणंही गेलेलं असतं. उरतो फक्त डब्ल्यू ५५.२२ एक्स डी. आणि कारणाचा कोड लावण्याची देशभर सक्ती नाही. राज्याने किंवा विमा कंपनीने मागितला तरच तो बंधनकारक. बिलाला त्याची गरज नसेल, तर घाईत तो सुटतो. मग नोंदीत राहतं नुसतं मोडलेलं मनगट. ते बर्फावर घसरून मोडलं की गोठ्यात, हे त्या भेटीच्या नोंदीवरून कुणालाच कळत नाही.

हे नुकसान मोठं आहे. अमेरिकेत दहा किंवा त्याहून कमी कामगार असलेल्या शेतांवर, मजुरांची वसाहत नसेल तर, केंद्राची कामगार सुरक्षा यंत्रणा कारवाई करू शकत नाही. १९७० च्या दशकापासून संसद दरवर्षी निधीच्या कायद्यातच तशी अट घालत आली आहे. अशा छोट्या गोठ्यातल्या अपघाताची खूण रुग्णालयाच्या कागदावर राहिली नाही, तर ती राहणार तरी कुठे? आणि इजेची खरी किंमत पहिल्या दिवशी कळत नाही. ती कळते तिसऱ्या महिन्यात, मूठ वळत नाही तेव्हा.

(दृश्य : महाराष्ट्र. बैलांचा बाजार, मग जिल्हा रुग्णालयाचा अभिलेख कक्ष.)

अमेरिकेची यादी जिच्यावर बेतली आहे, ती जागतिक आरोग्य संघटनेची आजार आणि इजांची मूळ यादी भारतात चालते, आयसीडी-१०. संघटनेने ती १९९० मध्ये मंजूर केली. तिच्यात गाय, बैल, घोडा, डुक्कर आणि मांजरसुद्धा एकाच डब्ल्यू ५५ मध्ये बसतात. जागेसाठी पुढे एक आकडा येतो, सात म्हणजे शेत. ए, डी, एस ही अक्षरं नाहीत. वर्षभराने उरलेल्या व्यंगाचं कारण लिहायचं झालं तर वाय ८६, ‘इतर अपघातांचे परिणाम’. बैलाचं शिंग आणि शिडीवरून पडणं, दोन्ही तिथे एकच. जिथे घराघरात जनावर आहे, तिथली यादी जनावरांबद्दल इतकी मोघम असावी, हे खटकतं.

(दृश्य : पुन्हा संगणकाचा पडदा.)

राहिलं एस. जखम भरली, पण मागे काही उरलं, त्यासाठी हे अक्षर. आपल्या कामगाराचं मनगट आखडलं असेल, तर आधी आखडल्याचा कोड, एम २५.६३१. मग जुन्या मोडीचा, शेवटी एस लावून. आणि त्यामागे डब्ल्यू ५५.२२ एक्स एस. याला मुदत नाही. पाच वर्षांनी, दहा वर्षांनीही तो लावता येतो.

अट एकच. कोडर मनाने काही लिहू शकत नाही. त्या दिवशीच्या टिपणात गाय असेल, तरच कोडात गाय येते. ‘मनगट आखडलेलं, जुनी मोड’ एवढंच लिहिलं असेल, तर तो हात गोठ्यात मोडला होता हे ओळखूनही त्याला पुढच्या रुग्णाच्या कागदांकडे वळावं लागतं. डॉक्टरांनी ‘गोठ्यात गाईची लाथ लागून’ एवढे चार शब्द जोडले, तर मात्र तो कोड लागतो.