रापणीच्या जाळ्याखाली: ऑटिझमची पुस्तकं आणि आमचा बाबू

माझा धाकटा भाऊ बाबू सहा वर्षांचा होता तेव्हाची गोष्ट आधी सांगते, मग ह्या टेबलावर मांडलेल्या ऑटिझमवरच्या पुस्तकांकडे वळूया. रापण, म्हणजे किनाऱ्यावरून सगळ्यांनी मिळून ओढायचं मोठं जाळं, ओढून झाली, माशांचे वाटे पडले की बाबा आणि बाकीचे रापणकर जाळं किनाऱ्यावर पसरून सुकवायचे आणि नंतर त्याचा मोठा ढीग करून ठेवायचे, आणि आमचा बाबू सगळ्यांची नजर चुकवून त्या ढिगाखाली शिरायचा. मे महिन्याच्या उन्हात, त्या वासात, एवढं जड जाळं अंगावर घेऊन हा अगदी शांत, डोळे अर्धे मिटून पडलेला. कुणी ओढून बाहेर काढला की असा किंचाळायचा की बंदरावरची माणसं धावत यायची. "भायरचा काय तरी आसा, कौल लावन बघा" असं सगळे म्हणायचे. आईने कौल लावला, गाऱ्हाणं घातलं, नारळ दिले, सगळं केलं. हे १९९४ साल. बाबू तेव्हा बोलत नव्हता.

त्या ढिगाचं उत्तर मला मिळालं २००६ मध्ये, मुंबईत शिकत असताना, फोर्टच्या फुटपाथवर घेतलेल्या एका जुन्या पुस्तकात. टेम्पल ग्रँडिनचं 'थिंकिंग इन पिक्चर्स', मूळ १९९५ चं. ही बाई स्वतः ऑटिस्टिक आहे, म्हणजे तिला ऑटिझम आहे, मेंदूची जडणघडणच जन्मापासून वेगळी, अमेरिकेत कोलोरॅडोच्या विद्यापीठात पशुविज्ञानाची प्राध्यापक. शाळेत असताना ती मावशीच्या रँचवर गेली होती, तिथे गुरांना लस टोचताना दोन्ही बाजूंनी दाबून धरणारा एक सापळा असतो तो तिने बघितला, त्यात गेल्यावर काही गुरं शांत होतात हे बघितलं, आणि मग स्वतःसाठी लाकडाचं तसलं यंत्र बनवलं. अंगावर सगळीकडून सारखा दाब आला की तिची आतली घालमेल थांबायची, पण माणसाने मिठी मारलेली मात्र तिला सहन व्हायची नाही. मी लोकलमध्ये उभ्याने ते पान वाचलं आणि मला तो जाळ्याचा ढीगच दिसायला लागला. तिच्या यंत्राची दांडी तिच्या स्वतःच्या हातात होती, दाब किती आणि कधी थांबवायचा ते ती ठरवायची, हे मी पुन्हा पुन्हा सांगते कारण हल्ली पालक जड गोधड्या आणतात आणि मुलाला त्यात गुंडाळून ठेवतात. बाबू ढिगाखाली स्वतः शिरायचा आणि स्वतः बाहेर यायचा, तो रडायचा ते आपण ओढल्यावर.

त्याच पुस्तकाबद्दल अजून एक सांगायला हवं. पहिल्या आवृत्तीत ग्रँडिनला वाटत होतं की ऑटिझम असलेले सगळेच तिच्यासारखे चित्रांत विचार करतात, आणि पुढच्या आवृत्तीत तिने साफ लिहिलं की ते माझं चुकलं, काहींचं डोकं शब्दांत चालतं, काहींचं आकृत्यांत आणि आकड्यांत. मला ती बाई तेव्हापासून जास्तच पटली. म्हणून पुस्तक घेताना आवृत्ती बघा, साल बघा, ह्या विषयात साल फार महत्त्वाचं आहे.

साल का महत्त्वाचं ते माझ्या आईच्या बाबतीत सांगते. बाबूला नवव्या वर्षी मुंबईला एका मोठ्या हॉस्पिटलात नेलं, तिथे पहिल्यांदा ऑटिझम हा शब्द कानावर पडला, आणि त्या डॉक्टरांनी आईला विचारलं, "तुम्ही लहानपणी ह्याला जवळ घेत होता ना?" आई पहाटे बंदरावर जायची, टोपली घेऊन बाजारात बसायची, तिथे शेजारणी आधीच बोलत होत्या की "आवस बाजारात, पोराक बोलूक कोण शिकवतला?" आता डॉक्टरही तेच म्हणाले म्हटल्यावर तिने ते खरं मानलं. परत येताना गाडीत ती एक शब्द बोलली नाही. मी चौदा वर्षांची होते.

हा प्रश्न कुठून आला ते पुस्तकांतून कळतं. लिओ कॅनर या डॉक्टरांनी १९४३ मध्ये ऑटिझम असलेल्या अकरा मुलांवर पहिला मोठा लेख लिहिला, त्यातच आईवडील थंड स्वभावाचे असल्याची एक नोंद होती, आणि ती पुढे वाढत वाढत अख्खी थिअरी झाली. १९६७ मध्ये शिकागोत अशा मुलांची शाळा चालवणाऱ्या ब्रूनो बेटेलहाइमने 'द एम्प्टी फोर्ट्रेस' लिहिलं, रिकामा किल्ला, त्यात दोष थेट आईवर. हा माणूस स्वतः नाझींच्या छळछावणीतून सुटून आलेला, आणि त्याने ह्या मुलांची तुलना त्या कैद्यांशी केली. विचार करा, मग आई कोण ठरली. खरं म्हणजे तीन वर्षं आधीच, १९६४ मध्ये, बर्नार्ड रिमलँड या मानसशास्त्रज्ञाने, ज्याचा स्वतःचा मुलगा ऑटिस्टिक होता, ह्या थिअरीला पुरावाच नाही, कारण मेंदूच्या जडणघडणीत शोधा, असं पुस्तक लिहिलं होतं. आणि खुद्द कॅनर १९६९ मध्ये पालकांच्या सभेत उभे राहून म्हणाले की मी तुम्हाला दोषमुक्त करतो. एकोणसत्तर साली! आणि सत्त्याण्णव साली माझ्या आईला तो प्रश्न विचारला गेला.

त्याच १९६७ मध्ये एका आईचंही पुस्तक आलं, क्लारा क्लेबोर्न पार्क यांचं 'द सीज', म्हणजे वेढा. माझ्या मते ह्या टेबलावरचं सगळ्यात सुंदर लिहिलेलं पुस्तक हेच. सुरुवातच होते ती जमिनीवर एका ठिपक्याभोवती रांगत गोल गोल फिरणाऱ्या, स्वतःशीच खूश असलेल्या एका छोट्या मुलीपासून. ही आई तिच्याजवळ जमिनीवर बसते आणि कित्येक महिने एवढंच करते की मुलीने आपल्याकडे एकदा बघावं, हातातली वस्तू एकदा घ्यावी. ह्या आईलाही तज्ज्ञांकडून थंडपणा सोसावा लागला. तीच मुलगी मोठी झाल्यावर कॉलेजच्या टपाल खात्यात काम करायला लागली आणि अप्रतिम चित्रं काढायला लागली, ते पुढच्या पुस्तकात, २००१ च्या, वाचायला मिळतं.

'द सीज' मी आईला वाचून दाखवलं. इंग्रजी पान डोळ्याने वाचायचं आणि मालवणीत सांगायचं, रोज संध्याकाळी, ती विळीवर तिसऱ्या (शिंपल्या) काढत बसलेली असायची तेव्हा. तज्ज्ञांचा भाग आला तशी विळीवरचे हात थांबले. म्हणाली, "म्हणजे तिकाय तसाच इचारल्यानी?" मी म्हटलं, हो, तिलाही. ती थोडा वेळ तशीच बसून राहिली, मग उठली, हात धुतले आणि म्हणाली, "फुडे वाच." त्यानंतर बाजारात कुणी बोललं की ती उलट उत्तर द्यायला लागली.

आता बोलण्याविषयी. बाबू आठव्या वर्षी बोलायला लागला, पण बोलायचा काय तर "हे आकाशवाणीचं रत्नागिरी केंद्र आहे". दिवसातून वीस वेळा. शाळेत बाईंनी सांगितलं, पोपटपंची आहे, अर्थ नाही, बंद करा. आम्हीही बरीच वर्षं "गप रव" म्हणत राहिलो. ह्याला एकोलॅलिया म्हणतात, ऐकलेलं जसंच्या तसं बोलणं, आणि बॅरी प्रिझंट नावाच्या वाचातज्ज्ञाने १९८० च्या दशकाच्या सुरुवातीपासून दाखवून दिलंय की ह्यात बहुतेक वेळा मुलाला काहीतरी सांगायचं असतं. त्यांचं 'युनिकली ह्युमन' २०१५ चं, भाषा एकदम सोपी. ते म्हणतात, हे वागणं कसं थांबवू असं विचारण्याआधी तो हे का करतोय ते विचारा. मी विचारायला लागले. दुपारच्या बातम्या लागल्या की आई ताटं घ्यायची, लहानपणापासून. बाबूसाठी ते आकाशवाणीचं वाक्य म्हणजे "भूक लागली, जेवायला वाढ". एवढी वर्षं पोरगा जेवण मागत होता आणि आम्ही त्याला गप्प करत होतो. हे सांगताना मला आजही कसंतरी होतं.

जे बोलत नाहीत त्यांची पुस्तकंही आहेत. आपल्याकडचाच तितो राजर्षी मुखोपाध्याय, १९८९ चा जन्म, कर्नाटकात वाढला, त्याची आई सोमा हिने त्याच्या हाताला पेन्सिल बांधून लिहायला शिकवलं, आणि आठ ते अकरा वर्षांच्या वयात त्याने लिहिलेलं 'बियाँड द सायलेन्स' २००० मध्ये इंग्लंडमध्ये छापलं गेलं. शरीर आपलं ऐकत नाही, हात कुठे आहेत ते हलवल्याशिवाय कळत नाही, असं तो लिहितो. जपानच्या नाओकी हिगाशिदाचं 'द रीझन आय जम्प' तर तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी ऐकलं असेल, जपानीत २००७, इंग्रजीत २०१३, तेरा वर्षांच्या मुलाने अठ्ठावन्न प्रश्नांना दिलेली उत्तरं. ही दोन्ही वाचाच, पण एक गोष्ट माहीत असू दे. दुसऱ्या माणसाने हात धरून किंवा अक्षरांचा तक्ता समोर धरून लिहवून घेण्याच्या ज्या पद्धती आहेत त्यांच्यावर मोठा वाद आहे, शब्द मुलाचे की शेजारी बसलेल्याचे हा प्रश्न येतो, आणि अमेरिकेतल्या वाचातज्ज्ञांच्या संघटनेने २०१८ मध्ये अशा पद्धती वापरू नका असं स्पष्ट सांगितलंय. तितो पुढे स्वतःच्या हाताने लिहायला लागला. नाओकीच्या पुस्तकावर शंका घेणारे आहेत. मी ते बाबूचं पुस्तक म्हणून वाचत नाही, त्यातून फक्त बाबूकडे बघायला नवीन प्रश्न घेते.

नाओकीला पाण्यात असणं का आवडतं ह्यावर त्यात एक उत्तर आहे, तिथे शांत असतं, मोकळं वाटतं असं काहीतरी. ते वाचून छान वाटतं, पण आपण समुद्राच्या काठावर राहतो बाबांनो. ऑटिझम असलेली मुलं न सांगता घरातून निघून जातात, त्यातली बरीच पाण्याकडे जातात, आणि बुडून जाणं हे ह्या मुलांच्या मृत्यूंचं एक मोठं कारण आहे. म्हणून बोलायला शिकण्याच्या आधी, शाळेच्या आधी, पोहायला शिकवा. विहिरीला जाळी बसवा. शेजाऱ्यांना, रापणकरांना, बंदरावरच्या टपरीवाल्याला सांगून ठेवा की आमचा पोरगा एकटा दिसला तर आधी फोन करा. बाबूला बाबांनी शिकवलं, पाठीवर घेऊन, अख्खा एक हिवाळा.

इतिहास हवा असेल तर स्टीव्ह सिल्बरमनचं 'न्यूरोट्राइब्ज', २०१५ चं, जाडजूड आहे पण गोष्टीसारखं वाचता येतं. फक्त त्याच्याबरोबर एडिथ शेफरचं 'अ‍ॅस्पर्गर्स चिल्ड्रन' घ्याच, २०१८ चं. सिल्बरमनच्या पुस्तकात व्हिएन्नाचा हान्स अ‍ॅस्पर्गर मुलांना वाचवणारा डॉक्टर वाटतो, आणि तीन वर्षांनी बाहेर आलेली कागदपत्रं सांगतात की त्याने काही मुलांना अशा संस्थेत पाठवलं जिथे मुलं मारली जायची. एकच पुस्तक वाचून थांबलं तर काय होतं त्याचं ह्याच्याहून मोठं उदाहरण माझ्याकडे नाही. लसीमुळे ऑटिझम होतो असं व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतं तेही असंच, १९९८ चा बारा मुलांवरचा एक लेख, तो २०१० मध्ये त्याच मासिकाने मागे घेतला. मुलांना लसी द्या.

मराठीत आपण स्वमग्नता म्हणतो. सरकारी कागदावर लिहावं लागतं, २०१६ च्या कायद्यातल्या एकवीस दिव्यांगत्वांमध्ये ऑटिझम आहे, त्याचं सर्टिफिकेट काढा, कंटाळा करू नका. पण तो शब्द मला कधीच पटला नाही. आई मासे साफ करते तेव्हा बाबू एक एक खवला उचलून उजेडात धरतो, चोणकाचा वेगळा, तांबोशीचा वेगळा, रंग कसा फिरतो ते बघत तासभर बसतो. तो स्वतःत कुठे मग्न आहे, तो खवल्यात मग्न आहे. आपल्याला तेवढं दिसत नाही एवढंच.

कुणी विचारलं की सुरुवात कुठून करू, तर आईवडिलांनी प्रिझंट, मग 'द सीज', मग ग्रँडिन. शिक्षकांनी ग्रँडिनपासून. ही सगळी पुस्तकं मी आजपासून वाचनालयाला देतेय, इंग्रजी वाचता येत नसेल त्यांनी शनिवारी या, मी सांगेन, मालवणीत सांगायची मला सवय आहे.

आणि ही शेवटची, टेबलाच्या कडेला आहे ती, दोनशे पानी वही. ही देणार नाही, फक्त दाखवायला आणली. घरातलं प्रत्येक जण ह्यात लिहितं, बाबूने काय केलं, त्याच्या आधी काय झालं होतं, आणि कशाने बरं वाटलं. मी ट्रेनिंगला गेले की चुलतभाऊ ही वही वाचून बाबूला सांभाळतो. पहिल्या पानावर माझं अक्षर आहे, "आकाशवाणी म्हणाला की जेवायला वाढणे." मागच्या आठवड्याचं पान आईचं आहे, ती वाचते दिसेल तेवढं, पण लिहिते स्वतः: "पावस इलो की पडवीत पत्र्याखाली बसव नको, कान धरता. माजघरात नळ्यांच्या छपराखाली बरो रवता."