एकाच माणसाची दोन नावं: ज्याँ रोलँ

एक किनारा डोळ्यासमोर आणा, गोल गोट्यांचा, मागे पांढरे चुनखडीचे कडे आणि पाण्यात उतरत गेलेले काळे पडलेले लाकडी खांब, हे फ्रान्सच्या नॉर्मंडीतलं पूरव्हिल, दिएप शहराच्या अगदी शेजारी. १९५८ साली जेमतेम विशीतला एक पोरगा कॅमेरा घेऊन इथं आला, पहिली शॉर्टफिल्म केली, आणि मग आयुष्यभर फिरून फिरून इथंच येत राहिला. हा ज्याँ रोलँ, फ्रेंच सिनेदिग्दर्शक. त्याचं नाव निघालं की लोक म्हणतात, अरे तो अॅडल्ट फिल्मवाला ना. खोटं नाहीये ते, पण तेवढ्यावर थांबणं म्हणजे माणसावर अन्याय आहे असं मला मनापासून वाटतं.

जन्म ३ नोव्हेंबर १९३८, पॅरिसला लागून असलेल्या नयीमधला. पूर्ण नाव ज्याँ मिशेल रोलँ रॉथ ल जाँती. एवढं लांबलचक नाव, पण लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. वडील नाटकवाले, आईची ऊठबस जॉर्ज बातायसारख्या लेखकांमध्ये, म्हणजे पुस्तकं आणि नाटक घरातच होतं.

१९६८ मध्ये त्याला एक छोटंसं काम मिळालं, एका जुन्या अमेरिकन व्हँपायर सिनेमाला जोडून दाखवायला अर्ध्या तासाची फिल्म कर. त्यानं केली. प्रोड्युसर सॅम सेल्स्कीला ती आवडली आणि तो म्हणाला, आता हिची फुल लेंग्थ कर. अडचण अशी की शेवटी सगळी पात्रं मेलेली, मग रोलँनं काय केलं तर सरळ त्यांना परत उठवलं आणि पुढचा भाग शूट केला! 'द रेप ऑफ द व्हँपायर' लागला मे १९६८ च्या शेवटी, पॅरिसमध्ये रस्त्यावर बॅरिकेड, सगळीकडे संप, थेटरात नवं फारसं काही नाही, त्यामुळे गर्दी झाली आणि त्या गर्दीला काहीच कळेना, लोकांनी आरडाओरडा केला, पडद्यावर वस्तू फेकल्या. पहिल्याच सिनेमाला एवढं झाल्यावर दुसरा कुणी गप घरी बसला असता. हा पुढची तीन-चार वर्षं व्हँपायरचेच सिनेमे करत राहिला.

खरा फटका बसला १९७३ ला. 'द आयर्न रोझ'. एक जोडपं स्मशानात फिरायला जातं, अंधार पडतो, बाहेर पडायची वाट सापडत नाही, बस, एवढीच गोष्ट. आमियाँच्या जुन्या स्मशानात शूट केलेली, झाडीत बुडालेली थडगी, धुकं, फार सुंदर आणि फार एकटी फिल्म आहे ती. स्वतःचे पैसे घातले होते, सगळे बुडाले.

आणि मग आला मिशेल जाँती. पाहिलंत? नाव बाहेरून आणलेलंच नाही, स्वतःच्याच लांबलचक नावातला मधला 'मिशेल' आणि शेवटचा 'जाँती' काढून जोडलेत. या नावानं आधी उत्तान सिनेमे, मग १९७५ ला फ्रान्समध्ये हार्डकोर पॉर्न उघडपणे थेटरात आल्यावर तेही, झटपट शूट, हातात पैसे. त्याच वर्षाच्या शेवटी सरकारनं कायदा केला, असल्या फिल्मना वेगळी एक्स थेटरं, तिकिटावर ३३ टक्के टॅक्स, नफ्यावर वर २० टक्के, सरकारी मदत बंद.

त्याच १९७५ चा 'लिप्स ऑफ ब्लड' बघा. एका परफ्युमच्या पार्टीत हिरोला भिंतीवर पडक्या किल्ल्याचा फोटो दिसतो आणि लहानपणी तिथं भेटलेली पांढऱ्या कपड्यातली मुलगी आठवते. शेवट कुठं? याच पूरव्हिलच्या किनाऱ्यावर, दोघं एका शवपेटीत झोपतात, भरतीचं पाणी येतं आणि पेटी हळूहळू समुद्रात निघून जाते. सिनेमा आपटला. नुकसान भरून काढायला यातच हार्डकोर सीन घालून तो नव्या नावानं परत विकावा लागला. मला हे बघताना अजूनही गलबलून येतं, स्वतःच्या हातानं स्वतःचंच स्वप्न कापायचं म्हणजे काय असतं.

पण त्याच कामानं त्याला एक माणूस दिलं. अशाच एका अॅडल्ट सेटवर त्याला ब्रिजित लाए भेटली, त्या धंद्यातली मोठी स्टार, आणि याला तिच्यात नटी दिसली. आधी 'द ग्रेप्स ऑफ डेथ' मध्ये घेतलं, द्राक्षमळ्यावरच्या विषारी फवारणीनं गावच्या गाव सडायला लागतं त्यात, आणि मग १९७९ ला 'फॅसिनेशन'. काळा झगा, हातात गवत कापायचा लांब दांड्याचा कोयता, पुलावरून शांतपणे चालत येणारी लाए. रोलँचं एक चित्र सांगा म्हटलं तर लोक हेच सांगतात.

पुढेही पोटासाठी कामं केलीच, 'झोंबी लेक' वर तर अजून तिसरंच नाव लावलं. १५ डिसेंबर २०१० ला पॅरिसमध्ये गेला, ७२ व्या वर्षी, तिथल्याच पेर लाशेज स्मशानात पुरलंय.

जायच्या तीन वर्षं आधी त्यानं 'द नाइट ऑफ द क्लॉक्स' केला. एक बाई आपल्या मेलेल्या नातेवाईकाच्या घरी येते, तो सिनेमे करायचा, पुस्तकं लिहायचा, आणि त्याची पात्रं अजून तिथं वावरतायत. मधेमधे रोलँच्या जुन्या सिनेमांचे तुकडे येतात. मुख्य भूमिका दिली ओव्हिदीला, तीही अॅडल्ट फिल्ममधूनच आलेली. आणि त्या मेलेल्या दिग्दर्शकाचं नाव ठेवलंय मिशेल ज्याँ.