रसाचा भाव कुठे ठरतो? भूतानची बाटली आणि मोर्शी-वरुडचा संत्रा

(मोर्शी तालुक्यातील एका गावात, वाचनालयाच्या व्याख्यानमालेत दिलेले भाषण. लेखी रूप देताना थोडे संपादन केले आहे.)

मंडळी, बसा. मागचे लोक थोडे पुढे सरका, आवाज नीट पोहोचत नाही.

आंबिया बहाराची, म्हणजे जानेवारी-फेब्रुवारीत फुललेल्या संत्र्याची, तोड सुरू झाली की आपल्याकडे एक प्रश्न ठरलेला असतो. परवा एसटी थांब्यावर एका तरुण पोरानं मला तोच विचारला. "सर, आपल्या इथं ज्यूसचा कारखाना झाला तं संत्र्याले भाव भेटन ना?" मी चाळीस वर्षं कॉलेजात अर्थशास्त्र शिकवलं आणि माझी स्वतःची तीनशे झाडं आहेत. तरी त्या पोराला मला पटकन हो म्हणता आलं नाही, नाहीही म्हणता आलं नाही. म्हणून आज वाचनालयानं विषय विचारला तेव्हा मी म्हटलं, रसाच्या भावावरच बोलतो. आणि सुरुवात करतो ती आपल्या गावातून नाही, एका लहान देशातून. कारण मोठ्या बाजारात भाव कोण ओढतंय ते गर्दीत दिसत नाही. लहान देशात ते उघडं दिसतं.

तो देश भूतान. 2017 च्या तिथल्या जनगणनेत लोकसंख्या भरली 7 लाख 27 हजार. आपला अमरावती जिल्हा 2011 मध्येच 28 लाख 88 हजारांचा होता. म्हणजे अख्खा देश आपल्या जिल्ह्याच्या जेमतेम चौथाईएवढा. पण तिथेही संत्रा पिकतो. सामत्से, दगाना, चिरांग, सारपांग हे दक्षिणेकडचे डोंगरउताराचे जिल्हे आहेत, आणि नोव्हेंबरपासून तिथं तोड चालते. आणि तिथं रसाचा कारखानाही आहे, सामत्सेला. ‘द्रुक’ नावानं तिथून रस, स्क्वॅश, जॅम, लोणची निघतात. कोलकात्याकडं आणि आसामात राहून आलेल्या माणसाला हे नाव माहीत असतं.

आता त्या कारखान्याच्या मालकाच्या खुर्चीत बसून बघा. बाटली किती रुपयांना विकायची?

भूतानचं चलन ङुल्ट्रम. ते 1974 पासून आहे आणि रुपयाशी एकास एक बांधलेलं आहे. भारत आणि भूतान यांच्यात व्यापार खुला आहे. त्यामुळं आपल्याकडच्या मोठ्या कंपन्यांचा आंब्याचा, लिचीचा, संत्र्याचा रस सीमेवरच्या फुंतशोलिंग गावाच्या वेशीतून सहज आत जातो. त्या कंपन्या रोज लाखो बाटल्या भरतात. भूतानचा कारखाना तेवढ्या भरू शकत नाही, कारण पिणारे सात लाख. त्याची साखर भारतातून, काचेची बाटली भारतातून, झाकण भारतातून. तरीही दुकानात भारतीय बाटली जेवढ्याला मिळते त्याच्या फार वर त्याला जाता येत नाही. गिऱ्हाईक देशप्रेमानं एकदा घेईल, दुसऱ्यांदा शेजारची बाटली उचलेल. म्हणजे विकायचा भाव त्याच्या हातात नाही.

मग निदान संत्रा तरी स्वस्त घेऊ, असं तो म्हणेल. इथं दुसरी बाजू येते. भूतानच्या संत्र्याला मोठं गिऱ्हाईक बांगलादेश आहे. फळ पेटीत भरलं, पश्चिम बंगालचा चिंचोळा पट्टा ओलांडला, चांगराबांधा नाक्यावरून पलीकडं बुडीमारीला गेलं, की बांगलादेश. भूतानच्या संत्र्याला तिथं आयातशुल्काची सूट आहे. बांगलादेश आणि भूतान यांनी 6 डिसेंबर 2020 ला प्राधान्य व्यापार करार केला. बांगलादेशाचा कुठल्याही देशाशी असा पहिलाच करार. तारीखही विचार करून निवडली होती. 1971 साली 6 डिसेंबरलाच भूताननं बांगलादेशाला मान्यता दिली होती. करारात भूतानच्या 34 वस्तू आहेत.

म्हणून सामत्सेच्या शेतकऱ्यापुढं दोन दारं उघडी आहेत. एका दारी पेटीवाला उभा आहे, दुसऱ्या दारी कारखाना. चांगलं, मोठं, चकाकणारं फळ पेटीत जाईल. बारकं, डागी, खरचटलेलं फळ कारखान्याकडं येईल. कारखान्यानं भाव फारच पाडला, तर शेतकरी बारकं फळही निवडून पेटीत घालायचा प्रयत्न करेल. वरून भारताची बाटली दाबते, खालून बांगलादेशाचा भाव दाबतो, आणि मध्ये कारखाना. कारखानदाराची ही अडचण आहे. पण शेतकऱ्याच्या दृष्टीनं बघा. त्याच्या फळाचा तळ कारखान्यानं बांधलेला नाही, तो सीमेपलीकडच्या गिऱ्हाइकानं बांधलेला आहे.

आता आपल्याकडं या.

आपल्याही संत्र्याचं सर्वात मोठं परदेशी गिऱ्हाईक बांगलादेशच. वरुड, मोर्शी, अचलपूर, काटोल, नरखेडचा माल हजार किलोमीटरच्या वर प्रवास करून तिकडं जायचा. 2019 साली तिथं आपल्या संत्र्यावर किलोमागं साधारण 20 रुपये आयातशुल्क बसत होतं. 2023 साली ते 88 रुपयांवर गेलं. शेतातला भाव आणि वर 88 रुपये, तेही गाडीभाडं आणि नासाडी सोडून. ढाक्यातल्या बाईनं मग संत्रा का घ्यावा?

हे त्यांनी आपल्यावर राग धरून केलं असं नाही. त्यांची परकीय गंगाजळी आटत होती. मे 2022 मध्ये त्यांनी फळांसह 135 वस्तूंवर जादा नियामक शुल्क लावलं. शिवाय त्यांचं चलन, टाका, घसरलं. 2022 च्या सुरुवातीला एका डॉलरला 86 च्या आसपास टाका लागत, 2023 संपताना 110 च्या घरात. शुल्काचा हिशोब डॉलरमधल्या किमतीवर होतो, म्हणून टाका पडला की शुल्क आपोआप फुगतं. महाराष्ट्र सरकारनं डिसेंबर 2023 मध्ये निम्मा भार, म्हणजे किलोला 44 रुपये, उचलण्याचं जाहीर केलं. त्याची गरज होती, मी त्यावर टीका करणार नाही. पण एका दाराची किल्ली दुसऱ्या देशाच्या खिशात आहे, हे आपण त्या वर्षी शिकलो. त्याच दारातून भूतानचा संत्रा शुल्क न भरता आत जातो, हेही लक्षात असू द्या. आपल्या खासदारांना, आमदारांना निवेदन देताना नुसतं "भाव द्या" लिहू नका. "भूतानला मिळते ती सवलत आमच्या फळाला मिळण्यासाठी बोलणी करा", असं स्पष्ट लिहा.

ते दार आकसलं की काय होतं, ते तुम्ही सगळ्यांनी सोसलं आहे. मीही. एका वर्षी मी बाग खोतीनं, म्हणजे झाडावरचा सगळा माल एकठोक ठरवून, दिली होती. व्यापाऱ्यानं इसार दिला, मोठा माल तोडून नेला, आणि बाजार पडल्यावर फिरकला नाही. बारका माल, ज्याला आपण चुरी म्हणतो, झाडावरच राहिला. मग गळ सुरू झाली. सकाळी बागेत पाय टाकावा तर पायाखाली फळ. बायको म्हणाली, निदान वेचून बांधावर तरी टाका, झाडाखाली बुरशी नको. आम्ही दोघांनी चार दिवस तेच केलं. त्या वेळी कुणी रसासाठी किलोला पाच रुपये दिले असते तरी मी हात जोडले असते. आणि हीच कारखान्याची खरी ताकद आहे. तुम्हाला दुसरं दार नसलं की तो जे देईल ते घ्यावं लागतं. अशा कारखान्यानं फेकण्यातला माल उचलला जातो, ते चांगलंच आहे. पण त्यानं भाव बांधला जात नाही.

आता बाटलीचा हिशोब करू. ही मी येताना स्टँडवर घेतली. नाव वाचत नाही, मागचा बारीक मजकूर वाचा. ‘फ्रूट ड्रिंक’. आपल्या देशाच्या अन्नसुरक्षा नियमांत अशा पेयात फळाचा रस किमान 10 टक्के लागतो, लिंबाचं पेय असेल तर 5 टक्के. बाकी पाणी, साखर, आम्ल, वास. एक लिटरच्या बाटलीत शंभर मिली रस. संत्र्यातून 40 टक्के रस निघाला असं धरा, तर पाव किलोच्या आसपास फळ लागलं. कारखान्यानं ते वीस रुपये किलोनं घेतलं असेल तर बाटलीत पाच रुपयांचा संत्रा. आता समजा फळाचा भाव दुप्पट झाला. बाटलीला पाच रुपये जास्त पडले, एवढंच. कारखाना ते सोसू शकतो. आणि उलटही खरं आहे. बाटली पाच रुपयांनी महाग झाली म्हणून त्यातला एक पैसाही फळापर्यंत पोहोचेलच असं नाही, कारण बाटलीच्या किमतीत फळ हा लहानसा वाटेकरी आहे. शंभर टक्के रसाच्या डब्याचं मात्र वेगळं. तिथं लिटरला अडीच किलो फळ लागतं. तिथं फळाचा भाव टोचतो, आणि म्हणूनच तिथं कारखानदार परदेशी घट्ट रसाकडं वळतो.

घट्ट रसाचं थोडक्यात सांगतो. संत्र्याचा रस साधारण 11 ब्रिक्सचा असतो, म्हणजे शंभर भागांत अकरा भाग साखर-आम्लासारखे विरघळलेले घनपदार्थ. त्यातलं पाणी उडवून तो 66 ब्रिक्सपर्यंत आणतात. सहा टँकर रसाचा एक टँकर होतो. गोठवून जगभर पाठवतात, पोहोचल्यावर पुन्हा पाणी घालतात. हे तंत्र अमेरिकेच्या फ्लोरिडात 1940 च्या दशकात निघालं. डिसेंबर 1962 मध्ये तिथं कडाक्याची थंडी पडली, बागा गेल्या, आणि त्या तुटवड्यातून ब्राझीलचा रसधंदा उभा राहिला. आज जगाच्या रसनिर्यातीत ब्राझीलचा वाटा सर्वांत मोठा आहे. 1966 पासून न्यूयॉर्कला या रसाचा वायदाबाजार आहे. 2024 च्या अखेरीस तिथं पौंडाला पाच डॉलरच्या वर भाव गेला होता, पूर्वी कधीच गेला नव्हता. कारण फ्लोरिडा 1997-98 मध्ये 24 कोटींच्या वर पेट्या काढत होतं आणि 2023-24 मध्ये जेमतेम 1 कोटी 80 लाख. ग्रीनिंग रोगानं झाडं खाल्ली. तोच रोग, जो सायला कीड पसरवते, आणि जो आपल्याही बागेत आहे.

मध्य अमेरिकेत बेलीझ म्हणून एक देश आहे, भूतानपेक्षाही कमी वस्तीचा. तिथं संत्र्याचा रस ही एके काळी मोठी निर्यात होती. तिथल्या पद्धतीकडं मला तुमचं लक्ष वेधायचं आहे. रसासाठीच्या फळाला तिथं घनपदार्थांच्या पौंडावर पैसे मिळतात. फ्लोरिडातही तसंच. 90 पौंडांच्या पेटीतून साधारण सहा पौंड घनपदार्थ निघाले तर सहाचे पैसे. 2009 मध्ये बेलीझमध्येही ग्रीनिंग सापडला आणि पुढं बागा उतरत गेल्या. जगात भाव आभाळाला भिडला तेव्हा त्यांच्याकडं विकायला फळ थोडंच होतं. पण मोजण्याची ती पद्धत आपण घेण्यासारखी आहे.

का, ते फळ्यावर मांडतो. दोन शेतकरी, दोघांचा एकेक टन माल. पहिल्यानं बाजार गाठायला फळ कच्चं तोडलं. रस 40 टक्के, ब्रिक्स 8. चारशे किलो रस, त्यात 32 किलो घनपदार्थ. दुसऱ्यानं झाडावर पिकू दिलं. रस 45 टक्के, ब्रिक्स 11. साडेचारशे किलो रस, त्यात साडेएकोणपन्नास किलो. वजनकाट्यावर दोघांचा टन सारखा, दोघांना सारखे पैसे. कारखान्याला मात्र दुसऱ्याकडून दीडपट माल मिळाला. तो फरक कुणाच्या खिशात गेला? घनपदार्थाला समजा किलोला 300 रुपये ठरले, तर पहिल्याला 9,600 मिळतील आणि दुसऱ्याला 14,850. मग कुणी कच्चं तोडणार नाही आणि "माल पातळ आहे" म्हणून कट्टी, म्हणजे कपात, लावताही येणार नाही.

आपल्या संत्र्याची एक अडचण लपवायची नाही. नागपुरी संत्रा हा सोलून खाण्याचा. साल सैल, फोडी सुटसुटीत, बिया बऱ्याच. त्याचा रस काढला तेव्हा गोड लागतो, ठेवला की काही वेळानं कडवट होतो. लिमोनिन नावाचं द्रव्य त्यात नंतर तयार होतं. ब्राझील, फ्लोरिडाचा संत्रा ही वेगळी जात आहे, घट्ट सालीची, व्हॅलेन्शिया, हॅम्लिन, पेरा वगैरे. नागपूरच्या केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्थेकडं या जातींची माहिती मिळते, तिथं जाऊन विचारा. कडवटपणा काढण्याचं तंत्र आहे, पण त्याला खर्च येतो, आणि तो खर्च कारखानदार फळाच्या भावातूनच वळता करणार.

नागपूरच्या मिहान उद्योगक्षेत्रात मार्च 2025 पासून दिवसाला 800 टन क्षमतेचा मोठा प्रकल्प सुरू झाला. ‘नोगा’ हे नाव तर आपल्याकडं पिढ्यान्‌पिढ्या आहे, नागपूर ऑरेंज ग्रोअर्स असोसिएशनची आद्याक्षरं. कारखाने यावेत, मला ते हवेच आहेत. माझी विनंती एवढीच, कारखान्याच्या दारात जाताना एकेकट्यानं ट्रॅक्टर घेऊन जाऊ नका. गावानं मिळून जा, आणि जाण्याआधी आपल्या फळात काय आहे ते आपण मोजलेलं असू द्या. त्यांच्या प्रयोगशाळेचा आकडा आपण ऐकून घ्यायचा, आपल्याजवळ आकडाच नाही, ही परिस्थिती मला सहन होत नाही.

एक प्रश्न आलाय चिठ्ठीवर. "ब्रिक्स मोजायचं यंत्र कुठं मिळते आन् चालवाले कठीण आहे का?" अजिबात नाही. पेनापेक्षा थोडं जाड, दुर्बिणीसारखं नळकांडं असतं. काचेवर रसाचे दोन थेंब टाकायचे, उजेडाकडं धरून डोळा लावायचा, निळ्या-पांढऱ्या रेषेवर आकडा वाचायचा. वाचनालयानं एक विकत घेतलं आहे, ते इथंच राहील. येत्या रविवारी सकाळी आठ वाजता प्रत्येकानं आपल्या बागेतली वीस फळं आणा. दहा मोठी, दहा चुरी. चारही बाजूंची तोडा, एकाच फांदीची नको. पिशवीत चिठ्ठी टाका, झाड किती वर्षांचं, कलम कुठल्या खुंटावर बांधलंय, जंभेरीवरचं की रंगपूरवरचं, पाणी शेवटचं कधी दिलं. वजनकाटा मी आणतो, आणि वही घेऊन मीच बसतो.