मुखवट्याआडच्या एडिथ

(पडद्यावर काळोख. लांबून कुत्र्यांचं भुंकणं.)

पलंगावर एक तरुणी पालथी पडली आहे. चेहरा उशीत खुपसलेला. वडील येतात, तिची समजूत घालतात, पण आपल्याला तिचा चेहरा दिसत नाही. मग ती उठून चालू लागते, तेव्हा त्या चेहऱ्यावर पांढरा, गुळगुळीत मुखवटा असतो. जिवंत असतात ते फक्त डोळे.

ते डोळे फ्रेंच अभिनेत्री एडिथ स्कोब यांचे. चित्रपट १९६० सालचा, 'आइज विदाउट अ फेस', दिग्दर्शक जॉर्ज फ्रांजू.

एडिथ यांचा जन्म १९३७ साली पॅरिसमधला, रशियातून आलेल्या घराण्यातला. फ्रांजू यांनी आधीच्या चित्रपटात त्यांना मनोरुग्णालयातल्या गाणाऱ्या वेडीची छोटीशी भूमिका दिली होती. दुसऱ्याच चित्रपटात, म्हणजे 'आइज विदाउट अ फेस'मध्ये, त्यांनी एडिथ यांना नायिका क्रिस्तियान केलं. शल्यविशारद बापाच्या हातून झालेल्या मोटार अपघातात तिचा चेहरा गेलाय. तो परत मिळवून देण्यासाठी बाप तरुण मुलींना पळवून आणतो आणि त्यांच्या चेहऱ्याची त्वचा सोलून काढतो.

नटाचा चेहराच काढून घेतला, तर उरतं काय? एडिथ यांच्याकडे पुष्कळ उरलं होतं. जिना उतरताना जमिनीला जेमतेम टेकणारी पावलं. बारीक, लांब मान. आणि आवाज! क्रिस्तियान आपल्या प्रियकराला फोन लावते. तो समजतो ती मेली आहे. पलीकडून तो "हॅलो, हॅलो" करतो, ही काही बोलतच नाही, ऐकत राहते. पुढे एकदा ती त्याचं नाव उच्चारते, एवढंच. मला हा चित्रपट शस्त्रक्रियेच्या त्या गाजलेल्या दृश्यापेक्षा या फोनसाठी आठवतो.

मधे थोडा वेळ, शस्त्रक्रियेनंतर, एडिथ यांचा खरा चेहरा दिसतो. नितळ, देखणा. आपण सुटकेचा श्वास घेतो न घेतो, तोच स्थिरचित्रांची मालिका सुरू होते आणि दिवसागणिक तो चेहरा सडत जातो.

शेवटी क्रिस्तियान कोंडलेली कुत्री सोडते, कबुतरं सोडते आणि रात्रीच्या झाडीत निघून जाते. मुखवटा तसाच.

(शांतता.)

पुढे फ्रांजू यांच्याच 'तेरेझ देस्केरू', 'ज्युडेक्स' आणि 'थॉमस द इम्पोस्टर'मध्ये त्या दिसल्या. १९६९ साली लुइस बुन्युएल यांच्या 'द मिल्की वे'मध्ये त्या कुमारी मेरी झाल्या. पण मोठी नायिका म्हणून त्यांचं नाव काही झालं नाही. पती, ग्रीक संगीतकार जॉर्ज आपेर्गिस यांनी १९७६ साली पॅरिसजवळच्या बान्योले इथे संगीत-नाट्याची कार्यशाळा सुरू केली. शब्द, सूर आणि हालचाल तिथे एकमेकांत मिसळायची, आणि एडिथ त्या कामात होत्या. त्याच वर्षी छोट्या पडद्यावर, गास्तों लरू यांच्या कथेवरच्या 'ला पुपे सांग्लांत' मालिकेत त्या उमरावाची पत्नी झाल्या. पुढेही दूरदर्शनवर काम होत राहिलं, भूमिका मात्र बहुतेक छोट्याच.

लेओस काराक्स यांच्या १९९१ सालच्या 'लव्हर्स ऑन द ब्रिज'मध्येही त्या होत्या. पण त्यांचं बहुतेक काम संकलनाच्या टेबलावरच राहिलं.

मग २००८. ओलिव्हिए असायास यांच्या 'समर अवर्स'मध्ये त्या पंचाहत्तरी गाठलेली एलेन झाल्या. घर मुलानातवंडांनी भरलेलं आहे आणि ही बाई शांतपणे सांगते आहे, माझ्यामागे या वस्तूंचं काय करायचं. पाहुणे गेल्यावर अंधारत चाललेल्या घरात ती एकटी बसते. इथे एडिथ यांच्या चेहऱ्यावर काहीच झाकलेलं नाही. सुरकुतीन् सुरकुती दिसते. या भूमिकेसाठी त्यांना सेझार या फ्रेंच चित्रपट-पुरस्काराचं नामांकन मिळालं.

आणि २०१२ साली काराक्स यांनी त्यांना पुन्हा बोलावलं. 'होली मोटर्स'. रात्रंदिवस वेशांतर करत फिरणाऱ्या ऑस्कर नावाच्या माणसाला पांढऱ्या लिमोझीनमधून पॅरिसभर नेणारी चालक सेलीन. पुन्हा सेझारचं नामांकन.

२६ जून २०१९ रोजी, वयाच्या ८१व्या वर्षी, त्या गेल्या.

(गॅरेज. रांगेने उभ्या लिमोझीन.)

'होली मोटर्स'च्या शेवटाकडे सेलीन गाडी लावते. केस मोकळे सोडते. एक मुखवटा बाहेर काढते. क्रिस्तियानला तो घालून वावरायला दुसऱ्यांनी भाग पाडलं होतं. सेलीन तो स्वतःच्या हातांनी चेहऱ्यावर चढवते आणि दाराकडे चालू लागते. पावलं अजून तशीच हलकी.