लग्नाला या, वाजवणार आहोत

श्रोतेहो, नमस्कार.

आज एका लग्नापासून सुरुवात करतो. तारीख २१ फेब्रुवारी १९७६. तेव्हाच्या कम्युनिस्ट चेकोस्लोव्हाकियात, प्रागच्या दक्षिणेला बोयानोव्हित्से नावाचं लहानसं गाव. नवरदेव इवान यिरोऊस, कलेच्या इतिहासाचा अभ्यासक. केस खांद्यापर्यंत. मित्रमंडळी त्याला 'मागोर' म्हणायची, आपण लाडानं एखाद्याला 'येडा' म्हणतो ना, तसं. लग्न खरंच होतं, नवरी खरी होती. पण आलेल्या वऱ्हाडाचे कान लागले होते ते वाजवणाऱ्यांकडे. कारण हे वाजवणारे देशात दुसरीकडे कुठंच ऐकायला मिळत नव्हते. रेडिओवर नाही, सभागृहात नाही, दुकानात तबकडी नाही. तेव्हा लग्न काढायचं, आणि तोंडातोंडी निरोप द्यायचा की या, वाजवणार आहोत.

त्या वाजवणाऱ्यांत बेस गिटार घेऊन उभा असलेला पंचविशीला टेकलेला एक तरुण होता. मिलान ह्लावसा. सगळे त्याला 'मेयला' म्हणत. शिक्षणानं खाटीक, म्हणजे रीतसर उमेदवारी करून खाटकाचं काम शिकलेला. आज मी त्याच्याबद्दल बोलणार आहे. आणि त्याला ऐकायला जे लोक जीव धोक्यात घालून जात होते, त्यांच्याबद्दलही. मला विचाराल तर ही गोष्ट निम्मी त्यांचीच आहे.

मेयलाचा जन्म ६ मार्च १९५१ चा, प्रागचा. १९६८ साली तो सतरा वर्षांचा होता. त्या वर्षी चेकोस्लोव्हाकियात मोकळं वारं सुटलं होतं, वर्तमानपत्रं मनातलं छापायला लागली होती. ऑगस्टच्या २० तारखेच्या रात्री सोव्हिएत संघाचे आणि त्याच्या मित्रदेशांचे रणगाडे सरहद्द ओलांडून आत आले आणि ते वारं थांबलं. त्यानंतर काही आठवड्यांतच, त्या शरद ऋतूत, मेयलानं मित्रांबरोबर बँड काढला. नाव ठेवलं 'द प्लास्टिक पीपल ऑफ द युनिव्हर्स'. फ्रँक झाप्पा या अमेरिकन संगीतकाराच्या एका गाण्यावरून ते सुचलं होतं. झाप्पा आणि न्यूयॉर्कचा 'व्हेल्वेट अंडरग्राउंड' हा बँड, ही त्यांची दैवतं. सुरुवातीला ही मुलं त्यांचीच गाणी वाजवायची.

आता परवान्याची भानगड समजून घ्यायला हवी, त्याशिवाय पुढचं काही कळणार नाही. त्या देशात चार लोकांसमोर पैसे घेऊन वाजवायचं तर सरकारी मान्यता लागायची. रणगाडे आल्यानंतर जी राजवट बसली, तिनं सगळ्या कलाकारांची नव्यानं चाळणी सुरू केली. समितीसमोर वाजवून दाखवा, राजकीय प्रश्नांची उत्तरं द्या, बँडचं इंग्रजी नाव बदला, केस कापा. अनेकांनी हे केलं. त्यांना मी नावं ठेवणार नाही, घर चालवायचं असतं. मेयलाच्या बँडनं केलं नाही. १९७० मध्ये त्यांची मान्यता गेली आणि तिच्याबरोबर सरकारी मालकीची वाद्यं आणि अॅम्प्लिफायरही गेले.

श्रोतेहो, इथली एक गोष्ट मला फार आवडते, आणि ती रेडिओवरूनच सांगायला हवी. बँडमधला योसेफ यानीचेक मोटार मेकॅनिकचं काम केलेला माणूस. त्यानं जुने ट्रान्झिस्टर रेडिओ उघडले, आतले सुटे भाग काढले आणि त्यातून बँडसाठी अॅम्प्लिफायर जुळवले. ज्या डब्यांतून त्यांचं गाणं कधी ऐकू येणार नव्हतं, त्या डब्यांच्या पोटातूनच त्यांनी आपला आवाज मोठा करून घेतला.

मागोर म्हणजे यिरोऊस बँडचा कला-मार्गदर्शक झाला. त्याच्याकडे कलाकार संघटनेचं सभासदत्व होतं, त्यामुळं व्याख्यानासाठी सभागृह मागता यायचं. विषय: अँडी वॉरहॉल, अमेरिकन चित्रकार. मग दोन-चार स्लाइड दाखवायच्या, चार वाक्यं बोलायची, आणि 'या चित्रकाराशी जोडलेल्या संगीताचं प्रात्यक्षिक' म्हणून पुढं बँडनं मनसोक्त वाजवायचं. हे काही काळ चाललं.

इंग्रजी गाण्यांत त्यांना पॉल विल्सन या कॅनेडियन तरुणाची मदत झाली. तो प्रागमध्ये इंग्रजी शिकवायचा, दोनेक वर्षं तोच बँडचा गायक होता. चेक मुलांनी चेकमध्ये गावं असं त्याचंही मत. पुढं व्रातिस्लाव ब्राबेनेत्स हा सॅक्सोफोनवाला आला. मेयलाहून आठ वर्षांनी मोठा. त्यानं येताना अट घातली की वाजवायचं ते स्वतःचंच. इथून मेयला खऱ्या अर्थानं संगीतकार झाला.

शब्द घेतले एगॉन बोंडीचे. या कवीच्या कविता छापायला बंदी होती. साध्या, रोखठोक, घरात बोलतो तशा भाषेतल्या कविता. बद्धकोष्ठावरची कविता आहे. आजच्या वीस वर्षांच्या पोराला या सगळ्याची किळस येऊन ओकावंसं वाटतं, असं सांगणारी आहे. मेयला त्यांना चाली लावायचा. चाल म्हटल्यावर आपल्या डोक्यात जे गोड काही येतं, ते इथं शोधू नका. बेसवर एकच आकृती घट्ट धरलेली, तीच पुन्हा पुन्हा. तिच्यावर यिर्झी काबेशचा व्हायोला, म्हणजे व्हायोलिनचा थोडा मोठा भाऊ, करवतीसारखा घासत जाणारा. मधेच सॅक्सोफोन किंचाळतो. आणि वर एक जड, सपाट आवाज, ज्याला कुणाची मनधरणी करायची नाही. पंकची, म्हणजे मुद्दाम रांगड्या ठेवलेल्या रॉकची लाट लंडनहून उठली ती १९७६-७७ मध्ये. हा खरखरीतपणा त्याच्या आधीपासून प्रागमध्ये चालू होता, फक्त त्याला कुणी नाव दिलेलं नव्हतं. १९७३ मध्ये मेयलानं पावेल झाईचेक या कवीबरोबर दुसराही एक गट काढला, 'डीजी ३०७'. हा आकडा म्हणजे मानसोपचाराच्या पुस्तकातला एका निदानाचा क्रमांक. त्यात तर भंगारातलं लोखंडही वाद्य म्हणून चालायचं.

आता ऐकणाऱ्यांकडे येतो. चेक भाषेत लांब केसवाल्या पोरांना 'मानिचका' म्हणत, म्हणजे मुलीचं नाव ठेवून हिणवत. या पोरांना सांगोवांगी कळायचं की अमुक दिवशी, तमुक गावी. ३० मार्च १९७४ ला असं ठरलं होतं चेस्के बुद्येयोव्हित्से शहराजवळच्या रुडोल्फोव्हमध्ये. प्रागहून पोरं रेल्वेनं निघाली, शेकडो पोरं. पोलीस कुत्री आणि दंडुके घेऊन वाट पाहत होते. पोरांना परत स्टेशनात हाकललं, तिथल्या भुयारी रस्त्यातून जाताना दोन्ही बाजूंनी झोडपलं आणि प्रागच्या गाडीत कोंबलं. पुढं काहींना अटक झाली, काही विद्यार्थ्यांना शिक्षणसंस्थांतून काढलं. 'प्लास्टिक पीपल'नं त्या दिवशी एक सूरही वाजवला नव्हता.

एवढा मार खाल्ल्यावर लोक घरी बसले असतील असं आपल्याला वाटेल. त्याच वर्षी १ सप्टेंबरला पोस्तुपित्से गावात 'दुसऱ्या संस्कृतीचा' पहिला महोत्सव झाला, तोही एका लग्नाच्या निमित्तानं. 'दुसरी संस्कृती' हा शब्द यिरोऊसचा लाडका. त्याचं म्हणणं असं होतं की सरकारी संस्कृतीला पाडायच्या नादी लागू नये, तिच्याकडे मान्यताही मागू नये, आपली वेगळी उभी करावी. त्यानंतरच्या हिवाळ्यात बोंडीच्या कवितांची गाणी होउस्का नावाच्या जुन्या किल्ल्यात टेपवर उतरवली गेली.

या टेपांबद्दल थोडं बोलायला हवं. माझ्या पिढीच्या लोकांना कॅसेटवरून कॅसेट भरून घेण्याचा अनुभव आहे. दर नकलेला आवाज थोडा मागं सरकतो आणि खरखर थोडी पुढं येते. तिथं टेपच्या रिळांवरून रिळं निघत होती, या घरातून त्या घरात. पाचवी, सहावी नक्कल ऐकणाऱ्याला शब्द लागायला कान टेपरेकॉर्डरच्या अगदी जवळ न्यावा लागत असणार, आणि शेजाऱ्यांच्या भीतीनं आवाज मोठाही करता येत नसणार. इतकं मन लावून मी स्वतः आयुष्यात किती वेळा गाणं ऐकलं असेल, हे मला सांगता येणार नाही.

पुन्हा यिरोऊसच्या लग्नाकडे. त्या लग्नानंतर पंचविसाव्या दिवशी, १७ मार्च १९७६ ला, धरपकड सुरू झाली. घरांच्या झडत्या, टेपा जप्त, वाद्यं जप्त. मेयलालाही उचललं, तो काही महिने कोठडीत होता. पण खटला शेवटी इतरांवर उभा राहिला. सप्टेंबरमध्ये प्रागच्या न्यायालयात चौघे जण आरोपी: यिरोऊस, झाईचेक, ब्राबेनेत्स, आणि स्वातोप्लुक कारासेक, जो पेशानं धर्मोपदेशक होता आणि ज्याच्या धर्मोपदेशाचीही सरकारी परवानगी काढून घेतलेली होती. आरोप गुंडगिरीचा. पुरावा काय, तर गाण्यांतले शिवराळ शब्द. शिक्षा झाल्या: यिरोऊसला दीड वर्ष, झाईचेकला एक वर्ष, बाकी दोघांना आठ-आठ महिने.

त्या न्यायालयाच्या बोळकंडीत आणि जिन्यावर लोक जमले. त्यांत नाटककार वात्स्लाव हावेल होता. वर्षाच्या सुरुवातीला त्याची आणि यिरोऊसची ओळख झाली होती. यिरोऊसनं त्याला टेपवर गाणी ऐकवली, दोघं पहाटेपर्यंत बोलत बसले, आणि पुढच्या कार्यक्रमाचं आमंत्रण मिळालं. तो कार्यक्रम झालाच नाही, त्याआधीच अटका झाल्या. मैफलीला जायचं राहिलेला हावेल खटल्याला आला. त्याच्याबरोबर प्राध्यापक होते, लेखक होते, पक्षातून हाकलले गेलेले जुने कम्युनिस्ट होते. शेजारी केस वाढवलेल्या मानिचका. एरवी ही माणसं एकमेकांकडे बघून रस्ता बदलली असती. हावेलचा मुद्दा सरळ होता: ज्यांना राजकारण करायचंच नाही, फक्त आपल्या मनाचं गायचं आहे, अशा पोरांना आज तुरुंगात टाकू दिलं तर उद्या कुणालाही टाकता येईल.

त्या जिन्यावर झालेल्या ओळखींतून १ जानेवारी १९७७ चं 'चार्टर ७७' हे निवेदन निघालं. सुरुवातीला दोनशेहून अधिक सह्या. माणसाच्या हक्कांबद्दल तुम्ही स्वतः जे कायदे मान्य केलेत ते पाळा, एवढंच त्यात होतं. त्याच्या पहिल्या तीन प्रवक्त्यांपैकी एक यान पातोच्का, वृद्ध तत्त्वज्ञ. या पोरांच्या बाजूनं त्यानं लिहिलं. पोलिसांच्या लांबलचक चौकशांनंतर मार्च १९७७ मध्ये तो रुग्णालयात वारला. वय ६९. रॉक संगीताशी ज्याचा काही संबंध नव्हता असा माणूस. त्याचं नाव मी मेयलाच्या गोष्टीत मुद्दाम घेतो आहे.

पॉल विल्सनला त्याच वर्षी देशाबाहेर काढलं. तो कॅनडात जाऊन टेपांच्या तबकड्या काढू लागला. होउस्काचं ध्वनिमुद्रण १९७८ मध्ये फ्रान्समध्ये प्रसिद्ध झालं. आणि मेयला? तो वाजवतच होता. हावेलचं ह्राडेचेक इथलं खेड्यातलं घर, तिथल्या कोठारात १९७८ च्या वसंतात येशूच्या यातनांवरची रचना सादर झाली, शब्द ब्राबेनेत्सचे, संगीत मेयलाचं. १९८१ च्या मार्चमध्ये उत्तर बोहेमियातल्या केर्हार्तिसे गावी एका घरात वाजवलं. त्यानंतर ते घर जळालं. ज्या घरात गाणं झालं ते घर हातचं जातं, हे लोकांना समजलं होतं. मग कित्येक वर्षं बँड श्रोत्यांसमोर आलाच नाही, दारं लावून ध्वनिमुद्रण करत राहिला. ब्राबेनेत्सला इतकं छळलं की १९८२ मध्ये त्यानं देश सोडला. यिरोऊसचा एकूण तुरुंगवास भरला साडेआठ वर्षांच्या आसपास.

एक कडू गोष्टही सांगायला हवी. ज्या एगॉन बोंडीच्या शब्दांवर हे सगळं उभं राहिलं, तो गुप्त पोलिसांचा खबऱ्या म्हणून काम करत होता, हे पुढं कागदपत्रांतून बाहेर आलं. मला हे वाचून त्रास झाला. मी ती गाणी त्यानंतर पुन्हा ऐकली. कविता तशीच खरी वाटली, आणि त्रासही गेला नाही. दोन्ही तसंच ठेवलं आहे.

१९८८ मध्ये बँड फुटला. नाव बदलून, आद्याक्षरं लावून जाहीर कार्यक्रमाला परवानगी घ्यावी का, यावरून. इतकी वर्षं ज्यांना पोलीस फोडू शकले नाहीत ते एका नावावरून वेगळे झाले. मेयला, यानीचेक आणि काबेश यांनी 'पुल्नोत्स' म्हणजे 'मध्यरात्र' हा बँड काढला आणि १९८९ च्या वसंतात अमेरिकेचा दौराही केला. नोव्हेंबरमध्ये राजवट कोसळली, आणि वर्ष संपता संपता हावेल राष्ट्राध्यक्ष झाला.

१९९० च्या एप्रिलमध्ये 'व्हेल्वेट अंडरग्राउंड'चा लू रीड प्रागला आला. त्याला रात्री एका क्लबमध्ये नेलं. समोर काही माणसं त्याची जुनी गाणी वाजवत होती, सूर न सूर पाठ असल्यासारखी. ते मेयला आणि त्याचे सोबती. रीड गिटार घेऊन त्यांच्यात जाऊन उभा राहिला. सप्टेंबर १९९८ मध्ये हावेलच्या सन्मानार्थ व्हाइट हाउसमध्ये मेजवानी झाली, तेव्हा रीडच्या शेजारी बेसवर मेयला होता. त्याआधी १९९७ मध्ये, चार्टरला वीस वर्षं झाली म्हणून, 'प्लास्टिक पीपल' पुन्हा एकत्र आले होते आणि प्रागच्या किल्ल्यात, राष्ट्राध्यक्षांच्या वास्तूत वाजवून गेले होते.

५ जानेवारी २००१ ला फुप्फुसाच्या कर्करोगानं मेयला गेला. पन्नाशी गाठायला दोन महिने बाकी होते.

आज ती होउस्का किल्ल्यातली गाणी कुणालाही सहज ऐकता येतात, कुठं लपावं लागत नाही. जरूर ऐका. चेक भाषा कळत नाही म्हणून अडू नका. पहिल्यांदा व्हायोलाच कानात घुसेल, त्याचा रागही येईल. थोडं थांबा आणि त्याच्या खालचा बेस शोधा. वरती सगळं ओरडत असतं, आणि तो आपली जागा सोडत नाही. तेव्हा तो वाजवणारा तेवीस वर्षांचा होता, आणि आपल्याला कोण ऐकणार हे त्याला माहीत असण्याचं काहीच कारण नव्हतं.

नमस्कार.