पाऊस पडतो तिथे कॅमेरा

(दृश्य: अ‍ॅमस्टरडॅमचा कालवा, लख्ख ऊन. वारा सुटतो, दोरीवरचे कपडे फडफडू लागतात.)

निवेदन:
साल १९२९. योरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकेन यांचा 'रेगेन', म्हणजे 'पाऊस', हा जेमतेम बारा मिनिटांचा मूकपट. शहरात पाऊस येतो आणि जातो, एवढीच गोष्ट. पडद्यावर ही सर सलग वाटते. चित्रण मात्र कित्येक महिने, वेगवेगळ्या पावसांत झालं. इव्हेन्स कॅमेरा उशाशी ठेवून झोपत. कुठल्या भागात पाऊस कसा पडतोय, ते मित्र फोन करून कळवायचे.

(दृश्य: हातातला किनामो कॅमेरा.)

हा किनामो. स्प्रिंगवर चालणारा, हातात मावणारा. त्यात ३५ मिलिमीटरची फक्त २५ मीटर फिल्म बसते. सेकंदाला १८ चौकटी धरल्या, तर सव्वा मिनिटाच्या आत संपते. तिकाटणं मांडेपर्यंत सर ओसरली असती. कॅमेरा हातात होता म्हणून ती मिळाली.

(दृश्य: कालव्याच्या पाण्यावर पहिला थेंब. एक वलय. मग दुसरं.)

खरी अडचण पुढेच आहे: पडणारा पाऊस कॅमेऱ्याला नीट दिसतच नाही. मध्यम आकाराचा थेंब सेकंदाला सहा-साडेसहा मीटर वेगाने खाली येतो. शटर १/५० सेकंद उघडं राहिलं, तर तेवढ्यात तो बारा-तेरा सेंटिमीटर सरकतो. चौकटीत उरते फिकट रेघ, आणि मागे पांढरं आकाश असलं तर तीही नाही.

म्हणून हा चित्रपट पाऊस जिथे पोचतो तिथे बघतो. पुढे केलेला तळहात. वर ओढलेली कॉलर. ट्रामची काच. एकाच रेनकोटाखाली दाटीवाटीने चाललेली मुलं. कालव्याकडे तर पुन्हा पुन्हा नजर जाते. सुरुवातीला वलयं सुटी असतात, दोन वलयांमध्ये पाणी शांत असतं. जोर वाढला की ती एकमेकांत घुसतात आणि सगळा पृष्ठभाग खडबडीत होतो. पावसाचा जोर सांगायला याहून नेमकं मोजमाप नाही. वेगवेगळ्या दिवसांचे तुकडे जोडायलाही हाच क्रम कामी येतो: दाट वलयांनंतर अचानक विरळ वलयं आली, तर सर तुटल्यासारखी वाटते. वाऱ्याची दिशा उलटली तरी तेच.

(दृश्य: कोकणातलं अंगण, कौलांवरून गळणाऱ्या पागोळ्या.)

आपल्या जून-जुलैतही हेच नियम. थेंबांच्या रेघा हव्याच असतील, तर मागे गडद झाडी किंवा भिंत घ्या आणि प्रकाश थेंबांच्या मागून येऊ द्या. फोकस हाताने लावा. ऑटोफोकस जवळच्या थेंबांमागे धावतो. एसी गाडीतून काढलेल्या भिंगावर लगेच बाष्प धरतं. ते पुसत बसू नका, पुन्हा धरेल. कॅमेरा बंद पिशवीतच अर्धा तास बाहेर ठेवा, मग उघडा. आणि सर थांबली म्हणून लगेच आवरू नका. गटाराकडे धावणारं पाणी, चकाकणारा रस्ता, पानावरून उशिरा सुटणारा थेंब: हे तेव्हाच मिळतं, आणि त्याशिवाय सर संपल्याचं प्रेक्षकाला कळत नाही.

(दृश्य: ओला रस्ता, त्यात इमारतींची प्रतिबिंबं.)

संगीतकार हान्स आयस्लर यांनी १९४१ साली याच चित्रपटासाठी पाच वादकांची संगीतरचना केली, 'पावसाचं वर्णन करण्याच्या चौदा तऱ्हा'. ती सुंदर आहे, पण पहिल्यांदा आवाज बंद ठेवूनच बघा. वलयांची लय आधी डोळ्यांना सापडू द्या, मग संगीत लावा.