दोन रुळांमधलं अंतर

श्रोतेहो, नमस्कार.

एप्रिल २०१६. मिरजेहून निघालेली १० टँकर वॅगनची एक गाडी ५ लाख लिटर पाणी घेऊन लातूरला पोचली. पुढे ५० वॅगनच्या गाड्या सुरू झाल्या, खेपेला २५ लाख लिटर पाणी येऊ लागलं. तेव्हा चर्चा पाण्याची झाली, आणि ती व्हायलाच हवी होती. पण तोच दुष्काळ २० वर्षं आधी पडला असता, तर ती गाडी मिरजेतून निघालीच नसती. कारण तेव्हा मिरज-लातूर मार्ग नॅरोगेज होता. दोन रुळांमधलं अंतर ७६२ मिलिमीटर, म्हणजे अडीच फूट.

ही लाइन बार्शी लाइट रेल्वेची. एव्हरार्ड काल्थ्रॉप या इंजिनिअरने १८९७मध्ये बार्शी रोड, म्हणजे आजचं कुर्डुवाडी, ते बार्शी असा तिचा पहिला टप्पा चालू केला. त्याचं गणित सरळ होतं. एका आसावर, म्हणजे चाकांची जोडी जोडणाऱ्या दांड्यावर, ५ टनांपेक्षा जास्त भार येऊ द्यायचा नाही. मग रूळ हलका चालतो, मीटरला जेमतेम १५ किलोचा. आज मुख्य मार्गावर मीटरला ६० किलोचा रूळ असतो, यावरून फरक कळेल. रूळ हलका म्हणून पूल हलके, भराव अरुंद, वळणं तीव्र आणि सगळंच स्वस्त. पंढरीचे वारकरी आणि बाजाराची पोती यांसाठी ते पुरेसं होतं. पण चार आसांच्या वॅगनचं वजन मालासकट २० टनांतच बसवावं लागे. लातूरला गेलेल्या एकेका टँकरमध्ये नुसतं पाणीच ५० टन होतं.

देशातली पहिली प्रवासी गाडी १६ एप्रिल १८५३ला बोरीबंदरहून ठाण्याला गेली, ती ब्रॉडगेजवर. रुळांमधलं अंतर साडेपाच फूट, १,६७६ मिलिमीटर. डलहौसीच्या काळात हे माप ठरलं. रेल्वे बांधणाऱ्या खासगी कंपन्यांना सरकारने ५ टक्के परताव्याची हमी दिली होती. नफा कमी पडला तर तूट इथल्या महसुलातून भरायची, त्यामुळे खर्च आवरण्याची कुणाला निकड नव्हती. पुढे तो बोजा जड झाला, तेव्हा १८७०च्या दशकात काटकसर म्हणून मीटरगेज आलं. दुर्गम भागात त्याहून लहान नॅरोगेज. प्रत्येक निर्णय त्या वेळेपुरता शहाणपणाचाच होता. पण त्याची किंमत मिरजेसारख्या जंक्शनला पिढ्यान्‌पिढ्या मोजावी लागली. मिरजेला तिन्ही गेज होते. एका गेजच्या वॅगनमधून दुसऱ्या गेजच्या वॅगनमध्ये पोती पाठीवरून जायची. त्यात वेळ जाई, माल सांडे, पावसात भिजे, आणि हमालीचा खर्च पुन्हा पडे. पुणे-मिरज मार्ग १९७१मध्ये ब्रॉडगेज झाला. लातूर, कुर्डुवाडी, पंढरपूर या बाजूच्या नॅरोगेजला त्यासाठी एकविसावं शतक उजाडावं लागलं.

गेज बदलणं म्हणजे रूळ थोडे लांब सरकवणं नव्हे. भराव रुंद करावा लागतो, वळणांची त्रिज्या वाढवावी लागते, पूल नव्याने बांधावे लागतात, फलाट हलवावे लागतात. जुनी इंजिनं आणि डबे एका दिवसात निकामी होतात. आणि काम चालू असताना बहुतेक वेळा गाडीच बंद असते, महिनोन्‌महिने.

गेजसारखाच दुसरा निर्णय चढाचा. बोरघाट १८६३मध्ये आणि कसाऱ्याचा थळघाट १८६५मध्ये खुला झाला. दोन्हीकडे चढ ३७ला १, म्हणजे ३७ मीटर पुढे गेलं की १ मीटर वर. हजारो मजुरांनी सुरुंग लावून तो मार्ग कोरला. पटकीने आणि अपघातांनी त्यांतले किती गेले, याचा नेमका हिशेब कुणी ठेवला नाही. ३७ला १ हे माप कागदावर किरकोळ वाटतं. आकडा मांडून बघू. इंजिनासह १,४०० टनांची गाडी ३७ला १ या चढावर नेताना नुसत्या गुरुत्वाकर्षणाविरुद्ध सुमारे ३८ टनांची ओढ लागते. १२० टनांचं चांगलं इंजिन कोरड्या रुळावर ३०-३३ टन ओढ देतं. त्यापुढे चाक जागच्या जागी फिरतं. पावसात रूळ ओला झाला की पकड आणखी घटते, म्हणून चाकाखाली वाळू सोडतात. यासाठीच कर्जतला आणि कसाऱ्याला गाडीमागे बँकर, म्हणजे मागून ढकलणारी, इंजिनं लावतात. मागूनच का? सगळी ओढ पुढून लावली तर पहिले काही डबे एकमेकांना जोडणाऱ्या कपलिंगवर अख्ख्या गाडीचा ताण येतो. आणि चढावर कपलिंग तुटलंच, तर मागचे डबे उतारावर सुटायला नकोत.

उतरताना काळजी उलटी. खंडाळ्याहून कर्जतकडे येणारी गाडी घाटात ठरलेल्या जागी पूर्ण थांबवून ब्रेक तपासतात. तोवर रूळ वळवणारा काटा चढाच्या आडमार्गाकडे, कॅच सायडिंगकडे, लावलेला असतो. गाडी थांबली याची खात्री पटली की मगच मुख्य मार्ग मिळतो. ब्रेक निकामी झालेली गाडी सायडिंगच्या चढावर जाऊन थांबावी, ही त्यामागची योजना.

कोकण रेल्वेने, १९९८मध्ये पूर्ण झालेल्या मार्गावर, नेमका उलटा निर्णय घेतला. रोहा ते ठोकूर ७४१ किलोमीटरमध्ये चढ १५०ला १ इतका सौम्य ठेवला. तीच १,४०० टनांची गाडी तिथे सव्वानऊ टनांच्या आसपास ओढीने चढते; बँकरचा प्रश्नच नाही. पण सह्याद्रीच्या पायथ्याला सौम्य चढ हवा तर डोंगर वळसा घालून टाळता येत नाही, तो फोडावाच लागतो. म्हणून ९१ बोगदे, साडेसहा किलोमीटरचा करबुडे, रत्नागिरीजवळचा ६४ मीटर उंच पानवळचा पूल, आणि असंख्य खोल कटिंग, म्हणजे डोंगर कापून काढलेल्या वाटा. त्याचं मोल पावसाळ्यात मोजावं लागतं. जांभ्याची आणि मातीची उभी दरड पाणी मुरून जड होते, खालचा थर चिकणा असला की घसरते. म्हणून तिथे पावसाळ्याचं वेळापत्रकच वेगळं असतं, गाड्यांचा वेग उतरवतात, कटिंगवर रात्रंदिवस गस्त असते.

विजेचंही असंच झालं. ३ फेब्रुवारी १९२५ला व्हीटी-कुर्ला हार्बर मार्गावर पहिली विजेची गाडी धावली, १,५०० व्होल्ट डीसीवर. ४ मेगावॅटच्या इंजिनाला या दाबावर सुमारे २,७०० अँपिअर प्रवाह लागतो. तीच शक्ती २५,००० व्होल्ट एसीवर १६० अँपिअरमध्ये मिळते. प्रवाह मोठा तर तार जाड, आणि दर काही किलोमीटरवर सबस्टेशन. देशात इतरत्र २५,००० व्होल्ट आले तरी मुंबई डीसीवर राहिली, आणि लांबच्या गाड्यांची इंजिनं सीमेवरच्या स्टेशनांत बदलत राहिली. डीसीवरून एसीवर जाण्याचा बदल २०१६मध्ये हार्बर मार्गावर संपला. मुळात १९२५चा निर्णय मोडायला ९० वर्षं लागली. मोडण्याची रीत मात्र शिकण्यासारखी आहे. आधी दोन्ही दाबांवर चालणाऱ्या लोकल आणि इंजिनं आणली, इन्सुलेटर बदलले, तारेपासूनचं अंतर कमी पडणाऱ्या जुन्या पुलांचा बंदोबस्त केला, आणि मग एकेका टप्प्यात रातोरात दाब पालटला. लोकल बंद ठेवून हे काम करणं मुंबईत शक्यच नव्हतं.

आता खुद्द रुळाकडे येऊ. पूर्वी १३ मीटरचे रूळ फिशप्लेट, म्हणजे लोखंडी पट्ट्या, आणि बोल्टने जोडत. तो खडाड्-खट् आवाज त्या सांध्यांचा. जिथे असा मार्ग उरला असेल तिथे घड्याळ लावून ४७ सेकंदांत किती ठोके पडतात ते मोजा. तोच आकडा गाडीचा ताशी किलोमीटरमधला वेग. सांध्याला चाक आपटतं, खडी चुरते, रुळाचं टोक वाकतं. म्हणून आता रूळ वेल्ड करून किलोमीटरच्या किलोमीटर सलग ठेवतात. मग उन्हाळ्यात वाढलेली लांबी जाते कुठे? ती वाढूच दिली जात नाही. स्लीपर म्हणजे रुळाखालचे आडवे ठोकळे, त्यांवरच्या क्लिप आणि खडी रुळाला दाबून धरतात; हालचाल होते ती फक्त दोन्ही टोकांच्या सुमारे १००-१०० मीटरमध्ये. मधल्या भागात ती वाढ बळ होऊन साठते. ६० किलोच्या रुळात दर अंशामागे अंदाजे १.८७ टन. रूळ ४० अंशांना ताणरहित बसवला असेल आणि विदर्भातल्या मे महिन्याच्या दुपारी तो ६२ अंशांवर गेला, तर एकेका रुळात ४१ टनांचा दाब. थंडीच्या पहाटे तो १० अंशांवर आला, तर ५६ टनांचा ताण.

यात चुकतं कुठे ते ठरलेलं आहे. उन्हाळ्यात स्लीपरच्या टोकाबाहेरची खडी, म्हणजे खांदा, कमी असेल तर मार्ग एकदम सापासारखा बाजूला फेकला जातो. गुरांच्या वाटांपाशी, फाटकाच्या आणि पुलाच्या तोंडाशी खडी उतरलेली असते, तिथे जास्त धोका. म्हणून भर उन्हात खडी उकरण्याचं काम काढायचंच नसतं. हिवाळ्यात तुटतो तो बहुधा थर्मिट वेल्ड, म्हणजे वितळलेला धातू ओतून केलेला सांधा. २५ मिलिमीटरची फट ठेवायची, दोन्ही टोकं पुरेशी तापवायची, साचा कोरडा हवा. तापवणं दोन मिनिटं आटोपतं घेतलं तर धातू वरून जुळल्यासारखा दिसतो, आत जुळलेला नसतो. भेग रुळाच्या तळव्यातून निघते आणि पहाटे फुटते.

हे बघणारा पहिला माणूस की-मॅन. तो रोज आपल्या हद्दीतला मार्ग पायी पाहतो, हातात हातोडा, सुटलेली क्लिप ठोकून बसवतो. रूळ तुटलेला दिसला तर दुरुस्तीआधी गाडी थांबवायची. ६०० मीटरवर चाकाखाली फुटून चालकाला सावध करणारा एक फटाका रुळावर बांधायचा, १,२०० मीटरवर १०-१० मीटर अंतराने तीन. भरधाव गाडीला थांबायला तेवढी जागा लागतेच. हे तो लाल झेंडा दाखवत, धावत करतो.

पुढचं चित्र काय? वंदे भारत २०२३पासून बोरघाट बँकरशिवाय चढते, कारण तिच्या निम्म्या आसांना मोटर आहेत. पकड एका इंजिनाच्या १२० टनांवर अवलंबून न राहता अर्ध्या गाडीच्या वजनावर मिळते. दीडशे वर्षांपूर्वीचा चढ तोच राहिला आणि गाडीने त्यावर तोड काढली, ही मोठी गोष्ट आहे. मालगाडीला मात्र हा उपाय परवडत नाही. तिला बँकर लागणारच.

दादरी ते जवाहरलाल नेहरू बंदर हा १,५०६ किलोमीटरचा मालवाहतुकीचा स्वतंत्र मार्ग ब्रॉडगेजच ठेवला आहे. २५ टनांचा आसभार, कंटेनरवर कंटेनर. गेज एकच असल्याने वॅगन तिथून जुन्या मार्गावरही येऊ शकते. मुंबई-अहमदाबाद बुलेट ट्रेनचा ५०८ किलोमीटरचा मार्ग मात्र १,४३५ मिलिमीटरचा. ताशी ३२० किलोमीटरसाठी जगात सिद्ध झालेली यंत्रणा त्याच मापाची आहे, म्हणून निर्णय समजण्यासारखा आहे. पण ती गाडी दुसऱ्या कुठल्याच मार्गावर जाणार नाही. मिरजेला पोती उतरत. इथे माणसं उतरतील. तेव्हा ठाणे, विरारसारख्या ठिकाणी नव्या स्टेशनातून जुन्या लोकलच्या फलाटावर सामानासकट किती मिनिटांत जाता येतं, यावर प्रवाशाचा वाचलेला वेळ टिकेल की जिन्यांवर सांडेल हे ठरेल. ते जिने, सरकते पट्टे आणि पूल आत्ताच आखायला हवेत. मागाहून जागा मिळत नाही.

आणि एक मागणी अगदी साधी आहे, वेळेची. दुरुस्तीसाठी गाड्या थांबवून मिळालेल्या दोन तासांच्या ब्लॉकमध्ये यंत्र जागेवर आणणं, वरची वीज तोडून अर्थिंग करणं, शेवटी सगळं उलट क्रमाने आवरणं यात अर्धापाऊण तास जातो. उरलेल्या वेळात खडी दाबायची, वेल्ड करायचा, तो निवू द्यायचा. नवी गाडी जाहीर झाली की वेळापत्रकातली ही मोकळी जागाच आधी आकसते. घाईत केलेला वेल्ड डिसेंबरच्या पहाटे उघडा पडतो, आणि तेव्हा १,२०० मीटर धावायला एकटा की-मॅन असतो. येत्या रविवारी मेगाब्लॉकची सूचना ऐकलीत आणि गाडी रद्द झाल्याचा त्रास झाला, तर एवढं लक्षात असू द्या: त्या तीन-चार तासांत तुमच्याच सोमवारच्या गाडीखालची खडी दाबली जात असते.

नमस्कार.